तेवीस, की चोवीस

ओवासेहून पहाटे साडेपाचला सुटलेली बस.
हातात मच्छीमार सोसायटीचं पिवळं निशाण,
कॉलरला माइक, आणि माझी नेहमीची मोजणी
टकलांवरून, लोकरीच्या टोप्यांवरून.
तेवीस.
यादीत चोवीस.

पुन्हा मोजते. बोट दाखवून मोजायचं नाही
हे आम्हाला पहिल्याच आठवड्यात शिकवतात,
हनुवटीनं मोजायचं, हसत हसत.
तेवीसच.

सातव्या रांगेतले कुसुमोतो-सान
शाळेतल्यासारखा हात वर करतात.
"एक मी. आणि ही खिडकीची जागा.
मार्चमध्ये दोघांचे पैसे भरले होते आम्ही."
खिडकीच्या जागेवर
नीट गुंडाळून बटण लावलेली जांभळी छत्री.

ओवासेची माणसं छत्रीशिवाय उंबरा ओलांडत नाहीत,
आमच्याकडे पाऊस पाहुणा नाही, घरजावई आहे.
मी नावावर रेघ मारायला पेन काढलं,
टोपण लावलं,
परत खिशात ठेवलं.

होर्यूजी. मी पाठ केलेलं बोलते:
जगातल्या सर्वांत जुन्या लाकडी इमारती,
तेराशे वर्षं, खांब पाहा, पोटाशी किंचित फुगीर...
कुणाचं लक्ष नाही.
सगळे कुसुमोतो-सानकडे बघतायत.
ते ओसरीतल्या खांबाला तळवा टेकून उभे,
ताप बघावा तसे.

चाळीस वर्षं लाकूड कापलंय या माणसानं,
आमच्याच डोंगरातलं हिनोकी.
"तोडल्यावर दोनशे वर्षं हे घट्ट होत जातं," ते म्हणतात.
"मग सैलावायला लागतं. त्याला हजार वर्षं लागतात."
आणि मग, बहुधा खांबालाच:
"घाई नसते."

माझ्या कागदावर हे नव्हतं.

जेवणाचे डबे चोवीस.
आमचे ड्रायव्हर हिगाशितानी, एरवी उरलेला डबा
कुणी म्हणायच्या आत उघडणारे,
आज आपला एक संपवून बोटं पुसत बाहेर बघत बसले.
चोविसावा डबा छत्रीशेजारी,
रबरबँडसकट.

मग तोदाइजीच्या वाटेवरची हरणं.
किंचाळ्या, बिस्किटं, कोटाची टोकं चघळणारी,
मान लववून हक्कानं मागणारी हरणं.
मी ओरडून सांगत होते, कागद लपवा, नकाशे पिशवीत घाला,
आणि माझ्याच खिशातून
एका कोवळ्या शिंगाच्या हरणानं यादी ओढली.
चोवीस नावं, फोन नंबर,
कुणाला मधुमेह, कुणाला खेकडा चालत नाही,
कुणाच्या मुलाला तातडीला कळवायचं,
सगळं त्यानं सावकाश रवंथ केलं
माझ्याकडे बघत.

कुसुमोतो-सान इतके हसले की ठसका लागला.
पाठ चोळायला तीन बायका धावल्या.
"तिला हरणंच बघायची होती," डोळे पुसत म्हणाले,
"बुद्धाचं काय, तो कुठं जातोय!"

नारामाचीच्या गल्लीत ऊन कललेलं.
वळचणीला टांगलेली लाल कापडी माकडं:
घरात जितकी माणसं तितकी माकडं,
माणसावरचं संकट माकड अंगावर घेतं, मी सांगते.
एका बंद दारावर पाच होती.
शेजारच्या बाई झाडू थांबवून म्हणाल्या,
"आत दोघंच राहतात हो."
आणि झाडायला लागल्या पुन्हा.
पाचातलं एक तर पार विटून गुलाबी झालेलं.
कुणीच काही विचारलं नाही.
त्या गल्लीचा इतिहास
माझ्याकडे अजून अकरा मिनिटांचा शिल्लक होता.
मी माइक बंद केला.

बसच्या पायरीशी हिगाशितानींनी विचारलं, "सगळे?"
यादी हरणाच्या पोटात.
मी हनुवटीनं मोजलं, टोप्या, टकलं,
सातव्या रांगेत जरा अडखळले.
"सगळे," म्हणाले.

रात्री ऑफिसात अहवाल भरला.
कागदपत्रे गहाळ होण्याचे कारण: हरीण.
परतलेल्या प्रवाशांची संख्या
हा रकाना भरल्याशिवाय
संगणक पुढचं पान उघडत नाही.
बाहेर घरजावई पडायला लागला होता.
मी बराच वेळ
त्या चौकटीत उघडझाप करणारी रेघ बघत बसले.